मालक मुंबईत, जमीन राजापुरात: प्रतिकूल कब्जाचा दावा कुठे लावायचा?

राजापूर ज्याच्या हद्दीत येतं त्याच दिवाणी न्यायालयात. प्रतिकूल कब्जा म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीवर त्याच्या परवानगीशिवाय, उघडपणे, कायद्याने ठरवलेली वर्षं सलग कब्जा ठेवून मालकी मागणं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १६ प्रमाणे स्थावर मिळकतीच्या मालकीचा दावा जमीन जिथे आहे तिथेच चालतो. मूळ मालक गिरगावात राहतो म्हणून मुंबईत जाता येत नाही. न्यायालय कनिष्ठ स्तराचं की वरिष्ठ स्तराचं, हे दाव्याच्या मूल्यांकनावर ठरतं. तहसीलदाराकडे यासाठी हेलपाटे घालू नका, त्याला मालकी ठरवण्याचा अधिकारच नाही. सातबाऱ्यावर कब्जेदार म्हणून नाव लागलं तरी तो मालकी हक्क नव्हे. २०१९ पासून, सर्वोच्च न्यायालयाच्या रविंदर कौर ग्रेवाल निकालामुळे, कब्जेदार स्वतः वादी होऊनही हा हक्क मागू शकतो. खाजगी जमिनीला सलग १२ वर्षांचा कब्जा लागतो, सरकारीला ३० वर्षांचा. बांधलेल्या गडग्याचा (दगडी कुंपणाचा) खर्च, कलमं लावल्याच्या पावत्या, घरपट्टी, जे असेल ते जपून ठेवा.

मात्र कोकणात एक गोष्ट आधी बघाच: मालक तुमचाच भाऊबंद आणि सातबारा सामाईक असेल, तर नुसता कब्जा कितीही वर्षांचा असला तरी पुरत नाही. त्याचा हक्क उघडपणे नाकारल्याचं सिद्ध करावं लागतं. आणि तुम्ही मुळात कूळ असाल, तर तो प्रश्न कूळ कायद्याखाली तहसीलदाराकडेच जातो.