झोपेत चालणाऱ्याला काय म्हणायचं?

प्रश्न: झोपेत चालणाऱ्या माणसावरच्या एका मानसशास्त्रीय लघुपटाची मराठी उपशीर्षकं करतो आहे. 'सोम्नॅम्ब्युलिस्ट'साठी 'निद्राभ्रमणकर्ता' चालेल का?

चालणार नाही. पडद्यावर वाक्य दोन-तीन सेकंद टिकतं आणि हा शब्द वाचण्यातच ती संपतील. शिवाय घरातलं कुणी असं बोलत नाही. आई म्हणेल, "हा झोपेत उठून चालतो." झोपेत बरळणं, झोपेत दात खाणं, तसंच हे. मराठीचं काम इथे क्रियापदावर भागतं, नामाचा हट्ट कशाला? (फक्त 'तो झोपेत चालतो'चं 'त्याला झोपेत चालतं' होऊ देऊ नका!)

डॉक्टरच्या तोंडी 'निद्राभ्रमण' शोभेल. 'भ्रम्' धातूला भटकणं आणि गोंधळणं असे दोन्ही अर्थ आहेत. 'भ्रमण' त्यातूनच आलं आणि 'भ्रमिष्ट'ही. वैद्यकीय शब्दाला ही छटा अडचणीची, पण मानसशास्त्रीय चित्रपटाला फुकट मिळालेली.

'स्वप्नात चालणं' मात्र टाळा. झोपेत चालण्याचा प्रकार बहुधा झोप लागल्यावरच्या पहिल्या काही तासांत, गाढ झोपेत घडतो. ठसठशीत स्वप्नं पडतात त्या झोपेत स्नायू जवळपास लुळे असतात. ते तसे राहिले नाहीत तर माणूस स्वप्नातली मारामारी अंथरुणातच करतो, पण तो विकार वेगळा.

आता जड शब्द हवाच अशी एक जागा सांगतो. 'द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगरी' हा 1920चा जर्मन मूकपट. जत्रेत खेळ लावायची परवानगी मागायला कॅलिगरी कचेरीत जातो. काय दाखवणार, असं विचारल्यावर तो सांगतो: सोम्नॅम्ब्युलिस्ट. तिथे 'झोपेत चालणारा माणूस' लिहिलं तर खेळाची हवाच जाईल. जत्रेतल्या माणसाला भारदस्त, थोडा भेसूर शब्द लागतो. मी 'निद्राचर' लिहीन. जलचर, उभयचर यांच्या वळणाचा, म्हणून अर्थ लगेच कळतो. आणि कानाला 'निशाचर' ऐकू येतो तो वेगळाच. शवपेटीसारख्या पेटीत झोपवून ठेवलेला चेझारे, म्हणजे कॅलिगरीचा तो सोम्नॅम्ब्युलिस्ट, रात्री खून करायला बाहेर पडतो, तेव्हा तो वास हवाच आहे.

तुमच्या लघुपटात शाळकरी पोर असेल, तर मात्र 'निद्राचर' नको. हा प्रकार मुलांमध्येच जास्त दिसतो आणि बहुतेकांचा वाढत्या वयात आपोआप थांबतो. पोराला राक्षसांच्या पंगतीत बसवू नका.