ज्येष्ठता गेली म्हणजे नोकरीची वर्षंही गेली का?

लग्नानंतर किंवा आईवडिलांच्या आजारपणामुळे बदली मागून घेतलेले कर्मचारी मला हमखास विचारतात, "आधीच्या जिल्ह्यातली नोकरी पदोन्नतीला धरत नाहीत म्हणे. मग ती वर्षं पाण्यातच गेली का?" त्याच्या पाठोपाठ दुसरा प्रश्न येतो: "नोकरी सांभाळून पदवी घेतली, तिचं काय?" दोन्ही प्रश्न घेऊन आलेल्या एका बाईंची ही हकीकत. त्यांना वैशालीताई म्हणू. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

वैशालीताई शासकीय कार्यालयात लिपिक. एका जिल्ह्यात 9 वर्षं नोकरी केली, मग नवऱ्याच्या गावी बदली मागितली. तेव्हा ज्येष्ठता सोडत असल्याचं हमीपत्रही लिहून दिलं. नव्या ठिकाणी 2 वर्षं झाली आणि शेजारच्या टेबलावरचा, जेमतेम 6 वर्षं नोकरी झालेला मुलगा वरिष्ठ लिपिक झाला. यांची नोकरी 11 वर्षांची, वर मुक्त विद्यापीठाची एमबीए. झोप उडाली होती. "मॅडम, कालपर्यंत मला ताई म्हणायचा. आता मी त्याला सर म्हणू?"

पहिली भेट त्यातच गेली, आणि ते गरजेचं होतं. ऑफिसात असं बोलायची सोय नसते. दुसऱ्या भेटीला मी कागद मागवले. फाइलमध्ये सगळ्यात वर लॅमिनेट केलेली पदवी, तळाशी सेवापुस्तकाची झेरॉक्स. ज्येष्ठतासूची, म्हणजे पदोन्नतीच्या रांगेत कोण कुणाच्या वर याची कार्यालयाची यादी, नव्हतीच. त्यांनी ती कधी पाहिलीच नव्हती. ही सूची 1 जानेवारीच्या स्थितीनुसार निघते, आक्षेपांसाठी मुदत दिलेली असते, आणि बहुतेक जण परिपत्रकावर सही करून ते न वाचताच पुढच्या टेबलावर सरकवतात.

पुढच्या वेळी सूची आली. वैशालीताईंच्या नावापुढे रुजू दिनांक नव्या जिल्ह्याचा, शेऱ्याच्या रकान्यात 'विनंती बदली'. तो मुलगा त्यांच्या वर. म्हणजे या संवर्गात, त्या पदावरच्या कर्मचाऱ्यांच्या या गटात, तो ज्येष्ठच. ही तक्रार टिकणार नाही, असं मी स्पष्ट सांगितलं. सहकारी मात्र त्यांना कोर्टाचा रस्ता दाखवत होते. फुकटचा सल्ला द्यायला कुणाचं काय जातं!

पदवीचंही तसंच. ती कुठे मोजायची हे त्या पदाचे सेवाप्रवेश नियम ठरवतात. पोलीस उपनिरीक्षकाच्या मर्यादित विभागीय परीक्षेत पदवीधर शिपायाला 4 वर्षांची नियमित सेवा पुरते, बारावी झालेल्याला 5 लागतात, दहावीवाल्याला 6. तिथे पदवीने खरोखर वर्षं वाचतात. पण जिथे पात्र उमेदवारांतून ज्येष्ठतेनेच वर घेतात, तिथे एमबीएने सूचीतली एक ओळही वर सरकत नाही. तिथे पाहतात ती विभागीय परीक्षा, गोपनीय अहवाल आणि चौकशी चालू आहे की नाही हे. आश्वासित प्रगती योजनेतला 10, 20, 30 वर्षांचा लाभ आणखी वेगळा. तो पगाराचा असतो, खुर्चीचा नव्हे.

एवढं ऐकल्यावर त्या उठायलाच निघाल्या होत्या. मी विचारलं, "तो मुलगा वर गेला त्या पदोन्नतीच्या बैठकीत सगळ्या जागा भरल्या का?" एक रिकामी राहिली होती. सूचीत तो मुलगा आणि वैशालीताई यांच्या मधल्या दोघांची विभागीय परीक्षा झालेली नव्हती, म्हणजे पुढचं नाव यांचंच. माहिती अधिकारात पदोन्नती समितीचं टिपण मागवलं, तर त्यांच्या नावापुढे लिहिलेलं: 'आवश्यक 5 वर्षे सेवा पूर्ण नाही.'

खरी अडचण इथे होती, आणि त्या मुलावरच्या रागापायी ती त्यांना दिसलीच नव्हती. नियमात होतं, 'लिपिक पदावर किमान 5 वर्षांची नियमित सेवा'. 'या जिल्ह्यात' असं कुठेच नव्हतं. ज्येष्ठता म्हणजे रांगेतली जागा. ती त्यांनी सोडली होती. पात्रतेची सेवा म्हणजे त्या पदावर केलेलं काम, आणि ते सोडल्याचं हमीपत्रात एक अक्षर नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाने पोन्नप्पन प्रकरणात आणि पुन्हा 1998 साली जोसेफ प्रकरणात हाच फरक केला आहे. स्वतःच्या सोयीसाठी बदली घेतल्याने ज्येष्ठता गेली, तरी आधीची सेवा पदोन्नतीच्या पात्रतेसाठी पुसली जात नाही. मात्र नियमातच 'याच संवर्गातील' किंवा 'याच कार्यालयातील' सेवा असं लिहिलेलं असेल तर गणित बदलतं. म्हणून मी आधी नियमाची प्रत मागते, निकालांचं नंतर बघते.

अर्ज एका पानाचा केला. पहिल्या कच्च्या मसुद्यात त्या मुलावर एक परिच्छेद होता आणि एमबीएवर दीड. ते काढताना वैशालीताईंचे डोळे भरून आले. पदवीसाठी त्यांनी पहाटे उठून अभ्यास केला होता, लेकरू सासूबाईंकडे ठेवून परीक्षा दिल्या होत्या. त्याचा उल्लेखसुद्धा नको? नको, म्हटलं. या अर्जात तारखा, नियमाचं वाक्य आणि मागणी, बस. पदवीची नोंद सेवापुस्तकात नव्हती, त्यासाठी वेगळा अर्ज द्यायला सांगितला.

कार्यालयाने वरून मार्गदर्शन मागवलं आणि आधीची 9 वर्षं पात्रतेसाठी धरली गेली. पुढच्या बैठकीत त्यांचं नाव विचारात आलं. पण तोवर वरच्या दोघांपैकी एक परीक्षा पास झाला होता, त्यामुळे जागा त्याला गेली. मला वाटलं आता फोनवर रडणं ऐकावं लागणार. तर त्या म्हणाल्या, "आता वर एकच नाव आहे, आणि डिसेंबरात एक जण रिटायर होतोय." त्या मुलाला मीटिंगमध्ये त्या सर म्हणतात, चहाच्या टपरीवर तो त्यांना ताईच म्हणतो.