ऑफिसची किल्ली

वकीलबाईंना अनेक आशीर्वाद,

तुझं पत्र दोनदा वाचलं. नगरपालिकेचं तिकीट मिळतंय, तेव्हा प्रॅक्टिस गुंडाळून पूर्णवेळ राजकारणात उतरते म्हणतेस. तिकिटाचा आनंद आहे. ‘गुंडाळून’ या शब्दाशी मात्र मी अडलो.

तुझ्या जन्माआधी मीही एकदा उभा राहिलो होतो. तीन महिने ऑफिसला कुलूप. पडलो, त्याचं काही नाही. पण कुलूप काढलं तेव्हा निम्मे पक्षकार शेजारच्या वकिलांच्या बाकावर बसलेले होते आणि नमस्कार करतानाही खाली बघत होते. त्या रिकाम्या दुपारी मी डेव्हिड लॉइड जॉर्जबद्दल वाचायला लागलो. ब्रिटनच्या पंतप्रधानांमध्ये बॅरिस्टर, म्हणजे वरच्या कोर्टात उभे राहणारे वकील, पुष्कळ झाले; सॉलिसिटर, म्हणजे पक्षकार आणि कागदपत्रं सांभाळणारा वकील, हा एकटाच.

दीड वर्षाचा असताना वडील गेले. आईचा भाऊ, वेल्समधल्या एका खेड्यातला चांभार, त्याने बहिणीला मुलांसकट घरी आणलं. भाच्याला शिकवता यावं म्हणून तो स्वतः फ्रेंच शिकला. भाचा 1884 साली सॉलिसिटर झाला आणि क्रिकिएथ गावात मामाच्याच घराच्या मागच्या खोलीत ऑफिस थाटलं. घरात बोली वेल्श, कोर्टाची भाषा इंग्रजी. आपल्याकडच्या तालुका कोर्टात बसणाऱ्याला याहून जास्त सांगायला नको.

त्याला नाव मिळालं ते एका दफनाच्या केसमुळे, 1888 साली, लानव्रॉथेन गावात. रॉबर्ट रॉबर्ट्स नावाचा म्हातारा खाणकामगार वारला. मुलीच्या शेजारी पुरा, एवढीच त्याची इच्छा. माणूस मेथडिस्ट, म्हणजे सरकारी चर्चबाहेरच्या ख्रिस्ती पंथाचा, आणि दफनभूमी सरकारी चर्चची. आपापल्या पद्धतीने विधी करायचा हक्क 1880 च्या कायद्याने दिला होता, पण तिथल्या पाद्र्याने नकार दिला. कारण काय, तर ही जागा एका बाईंनी 1864 मध्ये तोंडी दिली होती, दस्त झालाच नव्हता. म्हणून त्याने 1881 मध्ये त्यांच्याकडून नवा दस्त करून घेतला आणि त्यात ‘फक्त चर्चच्याच विधीने दफन’ अशी अट घुसडली.

आता तू असतीस तर काय केलं असतंस? पंचविशीतल्या लॉइड जॉर्जने कागद मागवले आणि सरळ वहिवाटीवर बोट ठेवलं. इतकी वर्षं ती जागा दफनभूमी म्हणूनच वापरात आहे. मग 1881 मध्ये बाईंकडे द्यायला उरलं होतं काय? त्याने कुटुंबाला फाटक फोडून दफन करायला सांगितलं. (हा सल्ला तू पक्षकाराला देऊ नकोस.) काउंटी कोर्टात सॉलिसिटरलाही उभं राहता येई, म्हणून केस त्यानेच चालवली. ज्युरीचा कौल कुटुंबाच्या बाजूने गेला. न्यायाधीशांनी तो चुकीचा नोंदवला आणि निकाल उलटा दिला. लंडनला अपील झालं, नोंद उघडी पडली, निकाल फिरला. रोजनामा रोज वाच, नकलेचा अर्ज त्याच दिवशी टाक, असं मी तुझ्या मागे का लागतो ते आता कळलं असेल.

त्या निकालाने वेल्समधलं घरन् घर त्याला ओळखू लागलं. 1889 मध्ये तो नव्या काउंटी कौन्सिलवर गेला, 1890 च्या पोटनिवडणुकीत थेट पार्लमेंटमध्ये. मतं 1,963, विरोधात 1,945. अठरा मतांचा फरक, आणि समोर उभा होता तो त्याच्याच लहानपणच्या गावचा जमीनदार! पुढे हा मतदारसंघ त्याने जवळपास 55 वर्षं राखला.

पण मला सांगायचंय ते त्याच्या धाकट्या भावाबद्दल. खासदारांना तेव्हा पगार नव्हता. 1905 च्या अखेरीस मंत्री होईपर्यंत लॉइड जॉर्ज लंडनमध्ये भाषणं करत होता, तेव्हा घर चालत होतं ते ऑफिसवर, आणि ऑफिस चालवत होता विल्यम. तारखा त्यानेच सांभाळल्या, फी त्यानेच वसूल केली. विल्यम 101 वर्षं जगला, पण त्याचं नाव कुणाच्या तोंडी नाही. खासदारांना वर्षाला 400 पौंड द्यायचं ठरलं 1911 मध्ये, आणि तेव्हा अर्थमंत्री होता लॉइड जॉर्जच. आपल्या घरात हा हिशेब कसा जुळत होता हे त्याला कुणी सांगायला नको होतं.

वृद्धांचं पेन्शन, आजारपणाचा विमा यांत त्याचा मोठा हात आहे. म्हणून त्याला देव्हाऱ्यात बसवू नकोस. पंतप्रधान असताना त्याच्या माणसांनी किताब पैसे घेऊन विकले. 1925 मध्ये त्याविरुद्ध कायदा करावा लागला. आणि खाणकामगाराच्या थडग्यासाठी भांडणारा हाच माणूस 1922 च्या ऑगस्टमध्ये आयसीएसला, म्हणजे इंग्रजांच्या इथल्या सनदी सेवेला, हिंदुस्थानच्या कारभाराची ‘पोलादी चौकट’ म्हणाला, ती चौकट कधी निघेल असं त्याला दिसतच नव्हतं. ऑक्टोबरात त्याचंच सरकार गेलं. नंतर सत्ता मिळाली नाही.

तुझ्याकडे विल्यम कोण आहे? तुझा ज्युनिअर हुशार आहे, पण त्याला अजून उलटतपासणी जमत नाही, आणि फी मागायला तर तो तुझ्यापेक्षाही लाजतो. रविवारी ये. येताना तारखांची डायरी आण, आणि ज्यांच्या केसेस दुसऱ्याकडे द्याव्या लागतील त्या पक्षकारांना आधी स्वतः फोन कर. ‘पोळा झाल्यावर बघू’ म्हणणाऱ्या त्या आजोबांचा बांधाचा दावा मात्र कुणाला देऊ नकोस. तो मी चालवतो.

तुझा,
काका