करबचतीची पॉलिसी, पण विवरणपत्राचा पत्ता नाही

प्रश्न: मी मूळचा औसा तालुक्यातील असून नऊ वर्षांपासून मुंबईत मराठी मालिकांत दुय्यम भूमिका करतो. वय 38, पत्नी व एक मुलगी. मानधन दिवसाला 6,000 रुपये, महिन्याला 12 दिवस काम, म्हणजे वर्षाला साडेआठ लाख. मानधनातून 10 टक्के कर कापला जात असल्याने विवरणपत्र भरलेले नाही. करबचतीसाठी लातूरच्या एका नातेवाइकाकडून पॉलिसी घेतली आहे. वार्षिक हप्ता 1,20,000, तीन भरले, 20 वर्षांनी 40 लाख मिळतील. माझ्या नावावरची दोन एकर जमीन विकून येणारे 40 लाख मित्राच्या चित्रपटात गुंतवावेत का? मुख्य भूमिका माझी आहे आणि शासकीय अनुदानातून मुद्दल सुटेल, असे तो म्हणतो.

उत्तर: गुंतवू नयेत. अनुदान चित्रपट पूर्ण होऊन परीक्षणात दर्जा मिळाल्यावरच हाती येते. त्याच्या भरवशावर मुद्दल मोजणे म्हणजे पेरणीआधीच मोंढ्यात सौदा करणे होय. शिवाय मराठवाड्यात हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, 1950 लागू असल्याने बिगरशेतकऱ्याला परवानगीशिवाय शेतजमीन घेता येत नाही. तुमच्या नावावरचा हा एकमेव सातबारा असेल, तर तो गेल्यावर पुन्हा शेतकरी होणे सोपे नाही.

मला अधिक काळजी वाटते ती तुम्ही जाता जाता लिहिलेल्या दोन वाक्यांची: विवरणपत्र न भरल्याचे आणि करबचतीच्या पॉलिसीचे. सोबत पाठवलेल्या बँक उताऱ्यात वर्षभरात मानधनाचे 5,40,000 रुपये जमा दिसतात, म्हणजे कर कापण्यापूर्वीचे उत्पन्न सहा लाख. साडेआठ लाख हा मालिका बारा महिने चालली तरचा आकडा आहे, आणि ती तशी चालली नाही. या सहा लाखांतून प्रवास, कपडे आणि काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरचे कमिशन वजा केले, तर करपात्र उत्पन्न पाच लाखांच्या आत येते आणि कर शून्य होतो. कापले गेलेले 60,000 रुपये तुमचेच होते, ते मागण्याचा मार्ग विवरणपत्र हाच होता आणि वर्षाला 25,000 किंवा त्याहून अधिक टीडीएस (मानधन देतानाच कापलेला कर) कापला गेला असल्यास ते भरणे आता बंधनकारकही आहे.

आता पॉलिसीकडे पाहू. ज्याने विवरणपत्रच भरले नाही आणि ज्याला कर लागतच नाही, त्याला करबचतीच्या नावाखाली ही पॉलिसी विकणाऱ्या नातेवाइकाचे कौतुक करावे तेवढे थोडेच. वीस वर्षांत 24 लाख भरून 40 लाख मिळणे म्हणजे वार्षिक परतावा पाच टक्क्यांच्याही आत, आणि तोही बोनसचा अंदाज खरा ठरला तर. वार्षिक हप्त्याच्या दहापट धरले तरी विमा संरक्षण जेमतेम 12 लाखांचे. तेवढ्यात मुलीचे शिक्षणही पुरे होणार नाही. एक कोटीचा शुद्ध मुदत विमा, म्हणजे मुदतीत मृत्यू झाला तरच पैसे देणारा विमा, तुमच्या वयाला वर्षाला साधारण वीस हजारांत मिळतो.

मुदत विमा हाती आल्यावरच पुढचा हप्ता थांबवा आणि पॉलिसी पेड-अप करून घ्या, म्हणजे पुढचे हप्ते न भरता ती कमी रकमेवर चालू राहील. आज सरेंडर केल्यास, म्हणजे ती मध्येच मोडल्यास, भरलेल्या 3,60,000 पैकी बराच भाग सोडावा लागेल, म्हणून पेड-अप आणि सरेंडर असे दोन्ही आकडे कंपनीकडून लेखी मागवा. मालिकेचे पैसे तीन-तीन महिने मागे राहतात, तेव्हा वर्षभराच्या घरखर्चाइतकी रक्कम बँकेत ठेवणे आणि कुटुंबाचा आरोग्य विमा घेणे ही कामे त्यानंतरची.

प्राप्तिकराच्या संकेतस्थळावरून प्रत्येक वर्षाचा फॉर्म 26एएस (तुमच्या नावे कापलेल्या कराची नोंद) उतरवून घ्या आणि सीएकडे जा. मुदत टळलेल्या वर्षांसाठी, मूल्यांकन वर्ष (कमाईच्या आर्थिक वर्षानंतरचे वर्ष) संपल्यापासून पाच वर्षांच्या आत विलंबमाफीचा अर्ज करता येतो. तो मंजूर होईलच असे नाही, पण चार वर्षांचे धरले तरी सुमारे 2,40,000 रुपये अडकलेले आहेत.