गोव्यात ‘दुष्काळ’ लिहावा की ‘टंचाई’?

डिचोली तालुक्यातल्या एका वाचकाला ग्रामसभेच्या ठरावाचा मराठी मसुदा करायचा आहे. गेल्या पावसाळ्यात पावसाने ओढ दिली, लावणी रेंगाळली आणि आता एप्रिलमध्येच विहिरींनी तळ गाठला, एवढी त्याची हकीकत. मसुद्यावरून वाद झाला तो शब्दाचा. एकाला ‘दुष्काळ’ हवा, दुसऱ्याला ‘अवर्षण’, तिसरा म्हणतो ‘पाणीटंचाई’ पुरे. ‘जिथे तीन हजार मिमी पाऊस कोसळतो तिथे दुष्काळ कसला?’ असाही आक्षेप निघाला. जाता जाता ‘ओला दुष्काळ’ हा प्रयोग बरोबर आहे का, हेही विचारले आहे.

तिन्ही शब्द बरोबर आहेत, फक्त एकाच्या जागी दुसरा चालत नाही. ‘अवर्षण’ आभाळाबद्दल बोलते, ‘टंचाई’ घागरीबद्दल आणि ‘दुष्काळ’ माणसांवर आलेल्या वेळेबद्दल. तुमच्या ठरावात तिन्ही येऊ शकतील, पण वेगवेगळ्या वाक्यांत.

‘दुष्काळ’ म्हणजे वाईट काळ. या शब्दात पाऊस नाहीच. पीक बुडाले, धान्य मिळेना, गुरे विकावी लागली, की तो दुष्काळ, मग कारण कोरडे आभाळ असो, टोळधाड असो की लढाई. इंग्रजीत पावसाच्या तुटीला एक शब्द आणि अन्नान्नदशेला दुसरा. आपल्याकडे दोन्हींचे ओझे ‘दुष्काळ’ एकटाच वाहतो. म्हणून हवामानाच्या बातमीत ‘दुष्काळ’ वाचला की आजी-आजोबांच्या डोळ्यांसमोर रेशनची रांग येते, आणि बातमीत सांगायचे असते एवढेच की पाऊस एक तृतीयांशाने कमी झाला.

‘अवर्षणा’वर घेतला जाणारा आक्षेप असा, की ‘अ’ म्हणजे अभाव, मग थोडा जरी पाऊस पडला तरी अवर्षण कसे? संस्कृत वैयाकरणांनी या नकाराचे सहा अर्थ सांगितले आहेत आणि त्यांत ‘अल्पता’ हाही एक आहे. ‘अनुदरा’ म्हणजे पोटच नसलेली नव्हे, बारीक पोटाची. तेव्हा कमी पावसाला अवर्षण म्हणायला व्याकरणाची हरकत नाही. सरकारी मराठीनेही ‘अवर्षणप्रवण क्षेत्र’ असाच शब्द रूढ केला आहे. पण गोव्याच्या जुलैत, रोज एखादी सर येतच असताना, हा शब्द कानाला खटकतो हे खरे. तिथे बोलीतले शब्द जास्त नेमके आहेत. पावसाने ओढ दिली म्हणजे यायच्या वेळी आला नाही. दडी मारली म्हणजे येऊन गायब झाला. खंड पडला म्हणजे मधले काही आठवडे कोरडे गेले. उघडीप मात्र हवीहवीशी असते, तिला तुटीत मोजू नये. या चार शब्दांना जे कळते ते ‘अवर्षण’ एका घासात गिळून टाकते.

आता तीन हजार मिमीचा आक्षेप. भारतीय हवामान खाते पावसाचे मोजमाप त्या जागेच्या स्वतःच्या सरासरीशी करते. सरासरीपेक्षा 19 टक्के कमी-जास्त होईपर्यंत पाऊस ‘सरासरीइतका’ धरतात, 20 ते 59 टक्के कमी असेल तर ‘तुटीचा’ आणि 60 टक्के किंवा त्याहूनही अधिक कमी असेल तर ‘मोठ्या तुटीचा’. हंगामाचा पाऊस सरासरीच्या 75 टक्क्यांच्या खाली गेला की शास्त्रीय भाषेत त्याला हवामानशास्त्रीय दुष्काळ म्हणतात. तूट 26 ते 50 टक्के असेल तर मध्यम आणि त्याहून जास्त असेल तर तीव्र. गोव्याची सरासरी 3000 मिमी धरली तर चौथा हिस्सा म्हणजे 750 मिमी. एवढी तूट सोलापूर जिल्ह्याच्या अख्ख्या वर्षाच्या सरासरी पावसाहून मोठी आहे. उरलेले 2250 मिमी सोलापूरकराला महापूर वाटेल, पण आपली भातशेती, आपले झरे आणि आपल्या नद्या 3000 मिमीच्या हिशोबाने बसल्या आहेत. जांभ्याच्या पठारात मुरलेले पाणी फार दिवस थांबत नाही, झऱ्यावाटे ओहोळाला आणि ओहोळावाटे खाडीला जाते. त्यामुळे पावसाळा भरपूर आणि एप्रिल कोरडा, ही दोन्ही वाक्ये एकाच गावाबद्दल खरी असू शकतात.

एक गंमत म्हणजे देशाच्या हंगामाचे वर्णन करताना हवामान खात्याने 2016 पासून ‘दुष्काळ’ हा शब्दच सोडला आणि ‘तुटीचे वर्ष’ म्हणायला सुरुवात केली. ते योग्यच झाले. पाऊस मोजणे हे त्यांचे काम, काळ वाईट आहे की नाही हे ठरवणे राज्य सरकारचे.

टक्केवारीवर विसंबताना एक फसगत होते ती नीट पाहावी. समजा, एखाद्या गावात जुलैत आठवड्याला सरासरी 200 मिमी पाऊस पडतो. महिन्याचे चार आठवडे म्हणजे 800. यंदा पहिले तीन आठवडे प्रत्येकी 40 मिमीच पडला आणि चौथ्यात 560 कोसळला. बेरीज 680, तूट 15 टक्के, तक्त्यात शेरा ‘सरासरीइतका’. पण शेतात काय झाले? तीन आठवडे तरवा (लावणीसाठी वाढवलेली भाताची रोपे) पोसून बसला, चिखलणीला पाणी नाही, आणि चौथ्या आठवड्यात लावलेली रोपे वाहून गेली. केंद्र सरकारच्या 2016च्या दुष्काळ व्यवस्थापन पुस्तिकेत म्हणूनच ‘पावसाचा खंड’ वेगळा मोजतात: मोसमी पाऊस यायची तारीख उलटल्यावर सलग तीन ते चार आठवडे निम्म्याहून कमी पाऊस. वरचे गाव या कसोटीला उतरते, महिन्याच्या बेरजेला उतरत नाही. ठरावात ‘जुलैत पाऊस कमी झाला’ असे लिहाल तर कोणीही तक्ता दाखवून खोडून काढील. ‘जुलैच्या पहिल्या तीन आठवड्यांत खंड पडला’ हे वाक्य खोडता येत नाही.

‘सरासरी’ हा शब्दही तपासून वापरावा. गेल्या वर्षीपेक्षा कमी म्हणजे सरासरीपेक्षा कमी नव्हे. शिवाय सरासरी स्वतः बदलते. देशाच्या मोसमी पावसाची दीर्घकालीन सरासरी 1961 ते 2010 या वर्षांवरून 88 सेंमी होती, 1971 ते 2020 धरल्यावर ती 87 झाली. जागतिक हवामान संघटना तीस वर्षांचा काळ धरायला सांगते. म्हणून आकडा लिहिला की कोणत्या वर्षांच्या सरासरीशी ताडला तेही लिहावे, अर्धी ओळ लागते.

आभाळाकडून मातीकडे येऊ. पिकाला बसतो तो ‘ताण’, आणि हा शब्द शेतकऱ्याच्या तोंडचा आहे. शास्त्रज्ञ ज्याला कृषी दुष्काळ म्हणतात त्याचे हे बोलीतले नाव. मोरडीच्या, म्हणजे उंचावरच्या जमिनीत ताण आठ-दहा दिवसांत दिसतो, खालच्या खेरात, म्हणजे सखल शेतात, उशिरा. आणि तो कुठल्या अवस्थेत बसला हे लिहिल्याशिवाय वाक्य अपुरे राहते. फुटवे धरताना बसलेला ताण भात पुढे बराचसा भरून काढते. पोटरीत (लोंबी पानाच्या आवरणातून बाहेर पडायच्या आधी) किंवा फुलोऱ्यात बसला तर दाणे पोचट राहतात आणि नंतर कितीही पाऊस आला तरी ते भरत नाहीत. त्या दिवसांत बंधाऱ्याचे किंवा तळीचे पाणी मिळणार असेल तर ते इथेच वापरावे, चार-पाच सेंमी उभे राहील एवढे. लावणीच लांबली तर प्रश्न वेगळा. तरवा 21 ते 25 दिवसांचा असताना लावणे उत्तम, चाळिशी गाठलेल्या रोपांना फुटवे कमी येतात. तेव्हा एका चुडात, म्हणजे एका जागी लावायच्या जुडीत, दोन-तीनऐवजी चार-पाच रोपे घालतात आणि अंतर कमी करतात. उत्पन्न घटतेच, पण कमी घटते.

तापमान वाढते आहे म्हणून या ‘ताणा’ला वेगळे महत्त्व आले आहे. हवा एक अंश तापली की ती सुमारे सात टक्के जास्त बाष्प धरू शकते, म्हणजे मातीतून आणि पानांतून ओढूनही घेते. पाऊस तेवढाच राहिला तरी माती लवकर सुकते. हवामान बदलावरच्या आंतरशासकीय मंडळाच्या 2021च्या अहवालानुसार, जे प्रदेश कोरडे होत आहेत तिथे पूर्वी दहा वर्षांत एकदा येणारा कृषी दुष्काळ आता 1.7 वेळा येतो आणि जग दोन अंशांनी तापले तर 2.4 वेळा येईल. दोन-चार आठवड्यांत माती सुकवून टाकणाऱ्या प्रकाराला इंग्रजीतून आलेला ‘फ्लॅश ड्रॉट’ हा शब्द सध्या फिरतो. त्याला ‘अचानक दुष्काळ’ म्हणण्यापेक्षा ‘शीघ्र ताण’ म्हणणे बरे. तो अचानक येत नाही, भरभर येतो. आणि ‘दुष्काळ’ म्हणण्याइतका काळ अजून गेलेला नसतो.

गोव्याच्या मराठीत आणखी एक नोंद हवी जी देशावरच्या तक्त्यांत नसते, ती खाऱ्या पाण्याची. खाजनात, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या शेतात, भात लावायचे तर आधी जूनच्या सरींनी जमिनीतले मीठ विरघळावे लागते आणि ओहोटीला मानशीतून (बांधातल्या झडपेतून) ते पाणी बाहेर जावे लागते. जूनने ओढ दिली की खाजनात ओल दिसते, चिखल दिसतो, उपग्रहालाही सगळे ओलेच दिसते, पण रोप करपते. कोरगुट हा खारे पाणी सोसणारा भात तग धरतो, बाकीच्या वाणांची खात्री नाही. इथे ‘अवर्षण’ लिहा नाहीतर ‘दुष्काळ’, वाचणाऱ्याला काही कळणार नाही. ‘गोडे पाणी वेळेत न मिळाल्याने खाजन धुतले गेले नाही’ असे सरळ लिहावे.

आता टंचाई, म्हणजे तुमचा मुख्य मुद्दा. ‘टंचाई’ मागणी-पुरवठ्याचा शब्द आहे. उत्तम पाऊस होऊनही टंचाई येते आणि कमी पावसातही साठा असेल तर येत नाही. जलवाहिनी फुटली, पंप जळला, वीज गेली, आणि नळ दोन दिवस कोरडा राहिला, तर ती टंचाईसुद्धा नव्हे, ‘पुरवठ्यातला खंड’ आहे. तक्रार पाणीपुरवठा खात्याकडे जाईल, मदतनिधीकडे नाही. आपल्या वर्तमानपत्रांत या दोन्हींना सर्रास ‘पाणीबाणी’ म्हणतात. मथळ्याला ठीक आहे, ठरावाला नाही.

विहिरीबद्दल लिहिताना ‘पाण्याची पातळी दोन मीटर’ असे लिहू नये. दोन मीटर पाणी शिल्लक आहे की पाणी दोन मीटर खाली आहे? दोन्ही अर्थ निघतात आणि दोन्हींत जमीन-अस्मानाचा फरक. ‘जमिनीपासून पाणी इतके मीटर खाली’ असे लिहावे. मोजताना कठड्यावर रंगाने एक खूण करावी, दर वेळी तिथूनच टेप सोडावा आणि कठड्याची उंची वजा करावी. पहाटे, पंप सुरू व्हायच्या आधी मोजावे, नाहीतर उपशाने खचलेली पातळी मोजली जाते. केंद्रीय भूजल मंडळ वर्षातून चारदा मोजते: जानेवारी, पावसाळ्यापूर्वी, ऑगस्ट आणि नोव्हेंबर. गावाने तेच महिने धरले तर ताडून पाहता येते. जवळ खाण किंवा चिरेखाण असेल आणि तिथून पाणी उपसले जात असेल तर तेही नोंदवावे, कारण तशा ठिकाणी पातळी खालावल्याचा दोष पावसाला देता येत नाही.

धरणाच्या बातमीतला ‘40 टक्के पाणी’ हा प्रयोगही अर्धवट आहे. एकूण साठ्याच्या 40 टक्के की उपयुक्त साठ्याच्या? तळाचा मृत साठा नळाला येत नाही. आणि मेअखेर साळावली किंवा अंजुणे खाली गेलेले असणे हे रीतीचेच आहे, तुलना दरवर्षीच्या त्याच तारखेशी करावी. दिवस काढणे सोपे आहे. एक दलघमी (दशलक्ष घनमीटर) म्हणजे एक हजार दशलक्ष लिटर. समजा, उपयुक्त साठा 30 दलघमी आणि रोजचा उपसा 400 दशलक्ष लिटर, तर पाणी 75 दिवसांचे. त्यातून बाष्पीभवन वजा करायचे, आणि एप्रिल-मेमध्ये ते थोडे नसते.

मसुद्यात दोन शब्द टाळावेत. एक ‘दुष्काळसदृश’. हा महसुली शब्द महाराष्ट्रातून आला, आणि तिथेही 2016च्या मे महिन्यात सरकारला ‘दुष्काळसदृश’ऐवजी ‘दुष्काळ’ असे वाचावे म्हणून सांगावे लागले. दुसरा ‘पैसेवारी’. उत्पन्न रुपयात किती पैसे आले हे ठरवायची ती तिकडची पद्धत, पूर्वीची आणेवारी. केंद्राच्या पुस्तिकेत पायऱ्या वेगळ्या आहेत: आधी पाऊस, मग पेरा, पिकाची उपग्रहावरून दिसणारी स्थिती, मातीतील ओल, जलसाठा, आणि शेवटी दहा टक्के गावांत प्रत्यक्ष पाहणी. पीक 33 टक्के किंवा अधिक गेले की बाब पुढे सरकते. म्हणून ठरावात याच क्रमाने लिहिलेले बरे. नमुना असा: ‘अमुक तारखेपासून सलग अमुक आठवडे पावसाचा खंड पडला (सरासरीच्या अमुक टक्के). लावणीखालील अमुक हेक्टरपैकी अमुक हेक्टरला पोटरीच्या अवस्थेत ताण बसला. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात अमुक विहिरींतील पाणी जमिनीपासून अमुक मीटर खाली होते, वाड्यांवर पाणीटंचाई आहे.’ ‘दुष्काळ’ हा शब्द शेवटच्या मागणीच्या वाक्यात, ‘दुष्काळ जाहीर करावा’ असा, एकदाच.

‘ओला दुष्काळ’ भाषेच्या दृष्टीने निर्दोष आहे, कारण वर म्हटल्याप्रमाणे दुष्काळात पाऊस अध्याहृत नाही. ऑक्टोबरात कापणीला आलेले भात आडवे पडून शेतातच रुजले तर ती वेळ वाईटच. मात्र पुस्तिकेत अशी वर्गवारी नाही, भरपाई अतिवृष्टी किंवा पूर या नावाने मिळते. अर्जात ‘अतिवृष्टी’ लिहावे, सभेत ‘ओला दुष्काळ’ खुशाल म्हणावे.

राहिली विशेषणे. ‘दुष्काळी’ हा कायमचा शेरा आहे: दुष्काळी पट्टा, दुष्काळी तालुका. ‘दुष्काळग्रस्त’ त्या वर्षापुरते. डिचोलीला वाईटातल्या वाईट वर्षीही ‘दुष्काळग्रस्त’ म्हणता येईल, ‘दुष्काळी’ नाही.