‘उलट बोलतो’ असा शेरा आला तेव्हा

रावेर तालुक्यातील एक केळी उत्पादक शेतकरी आपल्या पाचवीतल्या मुलाला घेऊन जळगावला माझ्याकडे समुपदेशनासाठी आले, तेव्हा शाळेच्या डायरीत ‘मुलगा उलट बोलतो’ एवढाच शेरा होता. “ताई, आमच्या घरात वडिलांसमोर कोणी तोंड उघडलं नाही. याला आताच आवरलं नाही, तर उद्या हाताबाहेर जाईल,” असे ते म्हणाले. ही काळजी पालकांकडून मी वारंवार ऐकते आणि तिच्यामागची माया मला कळते.

घडले होते ते असे. बाईंनी फळ्यावर केळीचे चित्र काढून खोड दाखवले आणि ‘ते खोड नाहीच’ असे हा भर वर्गात म्हणाला. मी त्याला कागद दिला. त्याने ओठ घट्ट मिटून कांद्यासारखे एकात एक गुंडाळलेले थर काढले आणि खरे खोड म्हणून जमिनीखालच्या कंदावर बोट ठेवले. घड उतरवल्यावर आडवी केलेली केळ त्याने मळ्यात स्वतः सोलून पाहिली होती. वनस्पतिशास्त्रही हेच सांगते. वडील त्या चित्राकडे बराच वेळ पाहत राहिले.

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ डायना बाउमरिंड यांनी १९६०च्या दशकात केवळ हुकमाची शिस्त आणि कारण सांगणारी ठाम शिस्त यांत जो भेद केला, तो मी त्यांना त्यांच्याच घरातल्या उदाहरणाने समजावला. विहिरीवरच्या मोटारीच्या स्टार्टरला हात लावायचा नाही, हे मुलाने तिथल्या तिथे ऐकलेच पाहिजे; मात्र त्याचे कारण संध्याकाळी त्याला शांतपणे सांगावे आणि आपल्याला उत्तर ठाऊक नसेल तर तसे मोकळेपणाने म्हणावे. प्रश्न दाबू नये, विचारण्याची रीत शिकवावी: “बाई, मी मळ्यात वेगळं पाहिलं, दाखवू का?” मोठ्यांचे सारे निमूट ऐकायचे एवढेच शिकलेले मूल एखादा मोठा माणूस त्याच्याशी वाईट वागला तरी गप्प राहते, हे मी या खोलीत पाहिले आहे, म्हणून याबाबतीत मी आग्रही असते.

“आणि याच्या आजोबांना काय सांगू?” त्यांनी विचारले. मी म्हटले, केळीबद्दलचे प्रश्न त्याला आजोबांनाच विचारू द्या.

डायरीतला शेरा अजून तसाच आहे. मात्र पुढच्या आठवड्यात वडील केळीचा हातभर तुकडा पोत्यात गुंडाळून, मुलाला सोबत घेऊन बाईंना भेटायला गेले.