कासचे कुंपण, भरतपूरच्या म्हशी

प्रश्न : कासच्या पठारावर पर्यटकांना आवर घालण्यासाठी उभारलेले जाळीचे कुंपण पुढे काढून टाकण्यात आले. निसर्ग राखायचा तर माणसांना आणि गुरांना दूर ठेवणेच योग्य नव्हे काय? जतन आणि संवर्धन यांत नेमका फरक कोणता, आणि जुन्या कलाकृतींनाही तोच न्याय लावावा का?
— एक वाचक, सातारा

उत्तर : एखादी गोष्ट आहे त्या स्थितीत, शक्यतो हात न लावता राखणे म्हणजे जतन, तिच्यावर अवलंबून असलेल्या माणसांचा मर्यादित वापर मान्य करून तिची सतत निगा राखणे म्हणजे संवर्धन, असे ढोबळमानाने म्हणता येईल. मात्र कोणता मार्ग धरावा, हे ती जागा आजवर कशामुळे टिकली ते पाहिल्याशिवाय ठरवता येत नाही.

राजस्थानातील भरतपूरचे केवलादेव उद्यान या दृष्टीने अभ्यासण्यासारखे आहे. सुमारे २९ चौरस किलोमीटरचे हे पक्षितीर्थ आपोआप घडलेले नाही. भरतपूरच्या संस्थानिकांनी एकोणिसाव्या शतकात सखल जमिनीत बांध घालून व पाणी खेळवून ते बदकांच्या शिकारीसाठी तयार करवले, आणि भोवतालच्या गावांच्या म्हशी तेथे पिढ्यान्‌पिढ्या चरत आल्या. राष्ट्रीय उद्यान झाल्यावर १९८२ मध्ये चराई पूर्णपणे बंद करण्यात आली. विरोध करणाऱ्या गावकऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात माणसे मृत्युमुखी पडली. पुढे बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घकालीन अभ्यासातून असे दिसले, की म्हशी पाण्यात शिरून जे गवत खात असत ते बंदीनंतर बेसुमार माजले, उघडे पाणी झाकले गेले आणि अनेक पाणपक्ष्यांची संख्या घटली. अखेर तेच गवत कापून नेण्याची मुभा गावकऱ्यांना द्यावी लागली. बंदीमागील हेतू चांगला होता, याविषयी मला शंका नाही. परंतु म्हैस हा त्या पाणथळीचाच एक घटक आहे, हे तिला बाहेर काढण्यापूर्वी तपासायला हवे होते. पक्ष्यांच्या या कहाणीत गोळीबारात गेलेल्या माणसांचा उल्लेख सहसा होत नाही, तो व्हायला हवा.

कलाकृतींचा न्याय वेगळा आहे, कारण गवत पुन्हा उगवते, चित्र उगवत नाही. अजिंठ्याच्या भित्तिचित्रांसाठी निजाम सरकारने १९२० च्या सुमारास लोरेन्झो चेक्कोनी आणि त्यांच्या सहकाऱ्याला इटलीहून बोलावले. भिंतीपासून सुटू लागलेला गिलावा त्यांनी पक्का केला, हे काम मोलाचे होते. परंतु चित्रांवर चढवलेला लाखेचा थर कालांतराने पिवळा पडला, त्याखाली मूळचे रंग झाकोळले आणि तो अलगद काढण्याचे जिकिरीचे काम पुरातत्त्व खात्याच्या रसायनतज्ज्ञांच्या वाट्याला आले. म्हणून अशा ठिकाणी उपचार अत्यावश्यक तेवढाच आणि पुढे मागे घेता येईल असाच असावा.

आता कासविषयी. तेथे कातळावर मातीचा अगदी पातळ थर आहे आणि त्यावर बोटभर उंचीची फुले येतात; गुरे चरल्यामुळे उंच गवत आटोक्यात राहते व या फुलांना ऊन मिळते, असे अनेक वनस्पतितज्ज्ञांचे मत आहे. कुंपण पर्यटकांसाठी घातले, तरी त्याने गुरांचीही वाट अडवली. त्यामुळे ते काढले, हे मला योग्य वाटते. मात्र हंगामात पर्यटकांच्या संख्येवर मर्यादा, वाहने पठाराखालीच थांबवणे आणि फुलांत पाय टाकणाऱ्यांना दंड, यांत कुठलीही सवलत देऊ नये.